जळक्या बेटांची फेरी

23 मे 1707 ची सकाळ. ग्रीसमधल्या सांतोरिनी बेटाच्या कड्यावरून लोकांना खाली समुद्रात काहीतरी तरंगताना दिसले. रात्रीतून एखादे गलबत फुटले असावे आणि त्याचा माल हाती लागेल, या आशेने खलाशांनी होड्या हाकल्या. जवळ गेल्यावर कळले की ते गलबत नाही, समुद्राच्या तळातून वर येणारा खडक आहे. बातमी गावात पसरली आणि हौशी मंडळी होड्या घेऊन निघाली. ती त्या नव्या बेटावर उतरलीदेखील. पायाखाली पांढरा, मऊ दगड होता. सुरीने कापला तर पावासारखा कापला जाई. खडकाला ताजी कालवे चिकटलेली होती. सांतोरिनीत कालवे दुर्मीळ, त्यामुळे सगळे ती गोळा करण्यात गुंतले. इतक्यात पायाखालची जमीन हलू लागली. हातातले टाकून सगळ्यांनी होड्यांमध्ये उड्या मारल्या. बेटावर राहणाऱ्या जेझुइट पाद्र्यांनी ही हकिगत लिहून ठेवली, म्हणून ती आज इतक्या बारकाव्यांनिशी सांगता येते.

पुढे चार वर्षे तो खडक वाढत राहिला. पांढऱ्या बेटाशेजारी काळे खडक वर आले, दोन्ही एकमेकांना मिळाले, आणि 1711 मध्ये धुमसणे थांबले तेव्हा तिथे एक नवे बेट उभे होते. त्याचे नाव नेआ कामेनी. ग्रीक भाषेत नेआ म्हणजे नवी आणि कामेनी म्हणजे जळलेली.

आज सांतोरिनीला जाणारा प्रवासी जी दिवसभराची समुद्रफेरी करतो, तिचा पहिला थांबा हाच असतो. सकाळी फिरा गावाखालच्या जुन्या बंदरातून किंवा अथिनिओसच्या धक्क्यावरून बोट सुटते. नेआ कामेनीच्या काळ्या चढणीवरून पायी विवरापर्यंत जायचे, मग शेजारच्या पालेआ कामेनीच्या, म्हणजे ‘जुन्या जळक्या’ बेटाच्या कोमट, तांबूस पाण्यात पोहायचे, दुपारचे जेवण थिरासियाला आणि मावळतीला इयाच्या कड्याखाली. जाहिराती ही फेरी पर्यटनाच्या काळात निघालेली असल्यासारखी दाखवतात. तसे नाही. आगीच्या बेटाजवळ होडी नेऊन पाहण्याची इथली सवय दोन हजार वर्षांहून जुनी आहे, आणि या फेरीच्या जवळजवळ प्रत्येक थांब्यामागे कोणाची तरी जुनी रोजीरोटी आहे.

नकाशावर सांतोरिनी तुटलेल्या बांगडीसारखे दिसते. पूर्वेला थिरा हे मोठे चंद्रकोरी बेट, पश्चिमेला थिरासिया, दक्षिणेकडे इवलेसे अस्प्रोनिसी, आणि मधोमध सुमारे 11 किलोमीटर लांब व 7 किलोमीटर रुंद असा समुद्र. हा समुद्र म्हणजे ज्वालामुखीचे खचलेले पोट. इसवी सनापूर्वी सतराव्या किंवा सोळाव्या शतकात इथे जो स्फोट झाला, त्यात जमिनीखालचा शिलारस बाहेर फेकला गेला, पोकळीवरचे छप्पर कोसळले आणि समुद्र आत शिरला. आजही फिराच्या कड्यात काळे, तांबडे, राखाडी थर एकावर एक रचलेले दिसतात. सह्याद्रीच्या घाटात असे थर पाहिलेल्या मराठी माणसाला ते अनोळखी वाटणार नाहीत. फरक वयाचा आहे. सह्याद्रीचा कातळ साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, तर नेआ कामेनीवरचा सर्वांत ताजा लाव्हा 1950 सालचा. त्याहून वडील माणसे आज आपल्या घराघरांत आहेत.

स्फोटाआधीही इथे होड्या होत्या आणि त्यांचे चित्र शिल्लक आहे. बेटाच्या दक्षिण टोकाला अक्रोतिरी येथे स्पिरिडॉन मारिनातोस यांनी 1967 मध्ये उत्खनन सुरू केले आणि राखेखालून दोन-तीन मजली घरांचे अख्खे गाव वर आले. त्यातल्या एका घरातले भित्तिचित्र आता अथेन्सच्या राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालयात आहे. एका गावाहून दुसऱ्या गावाकडे निघालेला नौकांचा ताफा, सजवलेल्या डोलकाठ्या, वल्ही मारणारे नावाडी, नौकांच्या मध्यभागी छताखाली निवांत बसलेले प्रवासी आणि भोवती उड्या मारणारे डॉल्फिन. ही मिरवणूक कशाची होती यावर अभ्यासकांचे वाद आहेत. पण छताखाली बसून बेटाकाठाने चाललेली ती माणसे पाहताना साडेतीन हजार वर्षांचे अंतर फार मोठे वाटत नाही. अक्रोतिरीत आजवर माणसांचे सांगाडे सापडलेले नाहीत. भूकंपाच्या इशाऱ्याने लोक आधीच निघून गेले असावेत, बहुधा याच होड्यांतून.

मग शतकानुशतके तो मधला समुद्र मोकळा राहिला. इसवी सनापूर्वी 197 च्या सुमारास त्यातून पहिले नवे बेट वर आले. भूगोलकार स्ट्रेबो लिहितो की थिरा आणि थिरासिया यांच्यामध्ये चार दिवस समुद्रातून ज्वाळा उठत होत्या. त्या काळी या पाण्यावर ऱ्होड्स बेटाच्या दर्यावर्दींची सत्ता होती. आग शमताच सर्वांत आधी तेच धीर करून तिथे उतरले आणि त्यांनी पोसायडनचे, तेही ‘स्थैर्य देणाऱ्या’ पोसायडनचे, देऊळ बांधले. जमीन अजून तापलेली असताना समुद्राच्या देवाकडे स्थैर्य मागणारी ही माणसे या फेरीचे पहिले नोंद असलेले प्रवासी. ते बेट पुढे समुद्राने गिळले. फिराच्या बंदरासमोर पाण्याखाली जो उथळ खडक आहे तो त्याचाच अवशेष असावा, असे संशोधक मानतात.

आजची पालेआ कामेनी इसवी सन 46-47 मधली. 726 मध्ये तिच्यातून इतका प्युमिस उडाला की पाय घासायला वापरतात तो हा हलका, सच्छिद्र दगड लाटांबरोबर तरंगत आशिया मायनर आणि मॅसिडोनियाच्या किनाऱ्यांपर्यंत पोहोचला. बायझंटाइन सम्राट तिसरा लिओ याने हा देवाचा कोप मानला आणि मूर्तिपूजेविरुद्धची आपली मोहीम कडक केली, असे इतिवृत्तकार थिओफानिस सांगतो.

सगळ्याच स्फोटांनी माणसांना जवळ येऊ दिले नाही. 1650 मध्ये बेटाच्या ईशान्येला, कड्यांच्या वर्तुळाबाहेर, कोलुंबो नावाचा समुद्राखालचा ज्वालामुखी फुटला. विषारी वायू वाऱ्याबरोबर बेटावर आला. सुमारे सत्तर माणसे आणि कितीतरी गुरे दगावली, अनेकांना काही दिवस डोळ्यांनी दिसेनासे झाले. समुद्राच्या लाटांनी शेते धुऊन नेली. कोलुंबोचा काठ आज पाण्याखाली अवघ्या अठरा मीटरवर आहे, पण फेरीच्या बोटी तिकडे जात नाहीत. तिथे पाहण्यासारखे पृष्ठभागावर काही नाही.

आणि तरी नेआ कामेनीशी सांतोरिनीच्या माणसांनी संसार मांडला. कड्यांमधला समुद्र इतका खोल की नांगर तळाला लागत नाही. त्यामुळे शिडाची जहाजे जळक्या बेटांच्या खाचांमध्ये आसरा घेत. नेआ कामेनीच्या एका खाचेचे नाव व्हुल्कानो. तिथल्या गंधकी, आम्ल पाण्याचा एक गुण खलाशांनी हेरला होता. लाकडी जहाजाच्या तळाला शंख-शिंपले आणि शेवाळ चिकटते, जहाज जड होते, वेग मंदावतो. ते खरवडायचे तर जहाज किनाऱ्यावर ओढून आडवे करावे लागते, आणि तळाला तांब्याचा पत्रा असेल तर काम आणखी जिकिरीचे. व्हुल्कानोच्या पाण्यात काही दिवस नांगरून ठेवले की तळ आपोआप लख्ख होई. ज्वालामुखीने चालवलेली ही फुकटची गोदीच म्हणायची. उन्हाळ्यात लोक त्या कोमट पाण्यात अंग शेकायलाही येत. त्यांच्यासाठी तिथे घरे उभी राहिली, आणि दोन छोटी देवळे, एक ऑर्थोडॉक्सांचे, एक कॅथलिकांचे.

जानेवारी 1866 च्या अखेरीस त्या घरांच्या भिंतींना तडे गेले. जमीन खचू लागली, समुद्र अंगणात आला, पाणी तापले आणि रंग बदलू लागले. लोकांनी होड्या आणून जमेल तेवढे सामान हलवले. फेब्रुवारीच्या पहिल्या दिवसांत खाचेतून काळा खडक वर आला. तो उसळत नव्हता, दणकत नव्हता. जवळजवळ आवाज न करता, पाहता पाहता फुगत होता. तेव्हाच्या राजाच्या नावाने त्या उंचवट्याला ‘जॉर्ज’ म्हणू लागले.

ग्रीक सरकारने शास्त्रज्ञांची समिती पाठवली. अथेन्स वेधशाळेचे संचालक युलियस श्मिट तीत होते, रसायनशास्त्रज्ञ क्रिस्तोमानोस होते. त्यांना घेऊन आलेल्या नौदलाच्या बोटीचे नाव ‘अफ्रोएसा’, आणि पुढे वर आलेल्या दुसऱ्या उंचवट्याला तेच नाव मिळाले. ज्वालामुखीच्या अभ्यासासाठी दिवसभर बोटीने फेऱ्या मारण्याची पद्धत इथे शास्त्र म्हणून रुजली. ती सुखाची नव्हती. 20 फेब्रुवारीला अचानक मोठा स्फोट झाला. जवळच्या माथ्यावर चढलेल्या शास्त्रज्ञांवर तापलेल्या दगडांचा वर्षाव झाला आणि ते जीव मुठीत धरून पळाले. जवळ नांगरलेले एक व्यापारी जहाज पेटले, त्याचा कप्तान ठार झाला.

फ्रान्सहून आलेला फेर्दिनांद फुके या सगळ्यांत चिवट. फेसाळत्या पाण्यावर होडी नेऊन तो बुडबुड्यांतला वायू नळ्यांमध्ये भरून घेई. ज्वालामुखीतून खरोखरची ज्वाळा निघते की ती नुसती तापलेल्या राखेची झळाळी असते, हा त्या काळचा वाद होता. इथल्या वायूत जळणारा हायड्रोजन आहे हे फुकेने दाखवून दिले. तो पुन्हा पुन्हा येत राहिला आणि 1879 मध्ये सांतोरिनीच्या उद्रेकांवरचा त्याचा जाडजूड ग्रंथ प्रसिद्ध झाला. उद्रेक 1870 पर्यंत चालला होता.

युरोपभर या बेटाची चर्चा होती, ती एका कादंबरीकाराच्याही कानावर गेली. ज्यूल व्हर्नने ‘ट्वेन्टी थाउजंड लीग्ज अंडर द सी’मध्ये कॅप्टन निमोची पाणबुडी थेट नेआ कामेनीजवळच्या उकळत्या पाण्यात नेली. ज्या व्हर्नची गोडी मराठी वाचकांना भा. रा. भागवतांनी लावली, त्याच्या कादंबरीतला तो उकळता समुद्र कल्पनेतला नव्हता, छापील पाने वाचली जात असताना तो खरोखर वाफाळत होता.

याच वर्षांत थिरासियाच्या धक्क्यावर वेगळीच गर्दी होती. स्फोटाची बारीक राख चुन्यात मिसळली की असा गारा तयार होतो जो पाण्याखालीही घट्ट होतो. सुएझ कालव्याच्या कामाला, विशेषतः पोर्ट सईदच्या बांधकामाला, असा गारा हवा होता. थिरासिया आणि थिराच्या कड्यांतून राख खणून काढायची, उतारावरून थेट जहाजात सोडायची आणि इजिप्तला न्यायची, असा धंदा जोरात आला. खणताना राखेच्या तळाशी दगडी भिंती लागल्या. क्रिस्तोमानोस आणि पाठोपाठ फुके यांनी ओळखले की ही इतिहासपूर्व घरे आहेत, स्फोटाच्या आधीची. अक्रोतिरीचा शोध इथून सुरू झाला. एका कालव्यासाठी लागलेल्या गाऱ्याने ग्रीक पुरातत्त्वाला हजार-दीड हजार वर्षे मागे नेले. ही खणाखण सांतोरिनीवर 1980 च्या दशकापर्यंत चालू होती, आणि फिराच्या दक्षिणेला तिचे ओरखाडे आजही कड्यावर दिसतात.

फेरीचा शेवटचा थांबा असलेले इया हे कप्तानांचे गाव होते. तिथली जहाजे सांतोरिनीची गोड वाइन काळ्या समुद्रातून रशियाला नेत, आणि ती तिथल्या चर्चमध्ये प्रसाद म्हणून वापरली जाई. वाफेची जहाजे आली, मग रशियन क्रांती झाली, आणि कप्तानांचे वाडे ओस पडले. 9 जुलै 1956 च्या भूकंपाने उरलेसुरले मोडले. सांतोरिनीवर पन्नासहून अधिक माणसे मेली, हजारो घरे पडली किंवा राहण्यालायक राहिली नाहीत, आणि कुटुंबेच्या कुटुंबे बोटीने अथेन्सकडे निघून गेली. आज ज्या पांढऱ्या घरांचे फोटो जगभर फिरतात, त्यातली कित्येक त्या पडझडीनंतर पुन्हा बांधलेली आहेत.

राहिलेल्या नावाड्यांना पर्यटकांनी काम दिले. जुन्या बंदरापासून गावापर्यंत 588 पायऱ्या. आधी खेचरे, मग 1980 च्या सुमारास केबल कार. मोठी जहाजे आजही त्या खोल पाण्यात नांगर टाकू शकत नाहीत, म्हणून प्रवाशांना उतरवण्याचे काम स्थानिक लाँचकडेच आहे. 2025 च्या फेब्रुवारीत या भागात भूकंपांची माळ लागली तेव्हा अकरा हजारांहून अधिक लोक बोटींनी आणि विमानांनी बेट सोडून गेले होते.

नेआ कामेनीवर चढण फार नाही, माथा 130 मीटरच्या आतच. वाटेत भूकंपमापक आणि वायू मोजणारी यंत्रे बसवलेली आहेत. विवराच्या काठावर काही भेगांतून अजून वाफ निघते, गंधकाचा वास येतो. वाटाड्या सांगतो, हात जवळ धरून बघा. माणसे वाकतात, तळवे पुढे करतात, गरम आहे म्हणत झटकन मागे घेतात आणि पुन्हा पुढे नेतात. कोणी वाकून सच्छिद्र दगड उचलून हातात तोलते. मग खालच्या खाचेतून बोटीचा भोंगा वाजतो आणि सगळे उतरणीला लागतात.