कापडबाजार आणि मॉल

पंधराव्या शतकाच्या अखेरीस अहमद निजामशहाने वसवलेल्या नगरचा कापडबाजार, गंजबाजार आणि सराफबाजार आजही चालू आहेत. मॉलचे आयुष्य मात्र त्या मानाने फार छोटे. व्हिक्टर ग्रुएनने आखलेला साउथडेल हा पहिला बंदिस्त, वातानुकूलित मॉल अमेरिकेत 1956 साली उघडला, आणि पुढे त्याच देशात कित्येक मॉल ओस पडले. मुंबईत हाजीअलीजवळ 1999 साली ‘क्रॉसरोड्स’ सुरू झाला. सुरुवातीला तिथे मोबाइल किंवा क्रेडिट कार्ड नसेल, तर आत जायला 60 रुपये मोजावे लागत. पुढे नाव आणि मालक बदलूनही तो तगला नाही. माझ्या मते कारण रचनेत आहे. मॉल एका मालकाच्या कर्जावर आणि दोन-चार मोठ्या दुकानांवर उभा असतो. त्यातले एक गेले की गर्दी आटते आणि उरलेलेही गाशा गुंडाळतात. पेठेत शेकडो मालक असतात. एक दुकान बसले, तरी शेजारचे चालते, आणि लग्नाचा बस्ता बांधायला येणाऱ्याला दारात कुणी अडवत नाही.

यावर म्हटले जाईल, की मॉलमध्ये स्वच्छतागृह आहे, गाडी लावायला जागा आहे, उन्हाचा त्रास नाही. हे खरेच आहे, आणि खेड्यातून दिवसभरासाठी येणाऱ्या बायकांच्या दृष्टीने ते क्षुल्लक मुळीच नाही. पण या सोयी काही मॉलची मक्तेदारी नव्हेत. महापालिका त्या पेठेतही देऊ शकते. नगरकरांनी नव्या मॉलची वाट पाहण्याआधी कापडबाजारात स्वच्छतागृहे मागावीत.