अहवाल वाचण्याचा हक्क



सरकारी नोकराला बडतर्फ करण्यापूर्वी त्याचे म्हणणे ऐकून घ्यावे, हा विचार आपल्याकडे राज्यघटनेच्या पुष्कळ आधीचा आहे. १८५० च्या लोकसेवक चौकशी कायद्यात लेखी दोषारोप, साक्षीपुरावा आणि उलटतपासणी या तिन्ही गोष्टी होत्या. परंतु अशी चौकशी करावयाची की नाही, हे ठरविणे सरकारच्याच हाती होते. १९१९ च्या कायद्याने नोकरी ही राजाच्या मर्जीवर असल्याचे स्पष्टच सांगितले. मद्रासच्या सरकारी छापखान्यातील एक मुद्रितशोधक प्रश्नपत्रिका फुटल्याच्या संशयावरून बडतर्फ झाला. चौकशी नियमानुसार झाली नाही, हे त्याचे गाऱ्हाणे लंडनपर्यंत गेले. प्रिव्ही कौन्सिलने निर्णय दिला की, नियम पाळले जावेत हे खरे. पण ते मोडले म्हणून न्यायालयात दाद मागता येणार नाही.

१९३५ च्या कायद्याने हे चित्र पालटले. योजिलेल्या कारवाईविरुद्ध कारण दाखविण्याची वाजवी संधी देणे बंधनकारक झाले. त्याच्याच आधारे सनदी अधिकारी आय. एम. लाल यांची बडतर्फी १९४८ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने अवैध ठरविली. पुढे हीच तरतूद घटनेच्या ३११ व्या अनुच्छेदात आली. १९५७ च्या खेमचंद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तिची फोड केली: आरोप कळून ते नाकारण्याची संधी, साक्षी तपासून बचाव करण्याची संधी, आणि शेवटी शिक्षेविषयी बोलण्याची संधी.

संधी कागदावर असणे मात्र पुरेसे नसते. मध्य प्रदेशातील एक निलंबित वनाधिकारी रीवा येथे राहत होता आणि त्याची चौकशी पाचशे किलोमीटरवरील जगदलपुरात ठेवली होती. निर्वाह भत्ता न मिळाल्याने तो तेथे पोहोचूच शकला नाही. १९७३ मध्ये न्यायालयाने ती बडतर्फी रद्द केली. उपाशी माणसाला दिलेली संधी ही संधी नव्हे, हे त्या निकालाचे मर्म मला वाटते.

१९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने शिक्षेविषयीची संधी काढून घेतली. मग प्रश्न उभा राहिला तो अहवालाचा. चौकशी अधिकारी निष्कर्ष लिहितो, शिक्षा देणारा अधिकारी ते वाचतो. ज्याच्या भाकरीचा प्रश्न आहे, त्याला मात्र ते शिक्षेच्या हुकुमाबरोबरच दिसतात. मी काही वर्षे बचाव साहाय्यक म्हणून अशा चौकशांत बसलो आहे. साक्षीदार एक सांगतो आणि अहवालात दुसरेच उतरते, असे घडते. ते दाखवून देण्याची वेळ शिक्षेपूर्वीच असते.

२० नोव्हेंबर १९९० रोजी रमजान खान प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अहवालाची प्रत आवश्यक मानली. त्या निर्णयावरील मतभेद मिटविणारा खटला आपल्या हैदराबादेतील इलेक्ट्रॉनिक्स कॉर्पोरेशनचा होता, ही गोष्ट आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसेल. १ ऑक्टोबर १९९३ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने त्याचा निकाल दिला. बहुमताचे निकालपत्र न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांचे. त्यांनी सांगितले की, शिक्षेविषयीची संधी गेली तरी दोष सिद्ध झाला आहे की नाही याविषयी बोलण्याचा हक्क उरतोच, आणि अहवाल हाती असल्याशिवाय तो बजावता येत नाही. हा नियम त्यांनी सरकारी, सार्वजनिक आणि खाजगी अशा सर्व आस्थापनांना लावला.

त्याच निकालपत्रात दुसरी बाजूही आहे. प्रत मिळाली नाही एवढ्यावरून शिक्षा आपोआप रद्द होत नाही. त्यामुळे नोकराचे खरोखर नुकसान झाले काय, हे न्यायालयाने पाहावयाचे. शिक्षा रद्द झालीच, तर प्रत देण्याच्या टप्प्यापासून चौकशी पुन्हा सुरू करण्याची मुभा व्यवस्थापनाला राहते. काही कामगार पुढाऱ्यांना ही माघार वाटली. मला ती माघार वाटत नाही. कार्यपद्धती ही अपराध्याला निसटण्याची वाट होऊ लागली, तर निरपराध्याचे संरक्षणही लोकांच्या नजरेतून उतरते.

मित्रहो, या शाळेतून बाहेर पडलेले कित्येक जण चौकशीच्या टेबलाच्या एका बाजूला बसले, काही दुसऱ्या बाजूलाही. अधिकाराची सही करण्यापूर्वी समोरच्याने तो कागद वाचला आहे काय, एवढे विचारण्यास फार विद्वत्ता लागत नाही. तरीही ते कायद्यात पक्के होण्यास जवळजवळ दीडशे वर्षे लागली.