लष्करी हवाई कसरतींतील अपघात
अशा अपघातांचे खापर बहुधा वैमानिकाच्या चुकीवर फुटते. प्रेक्षकांची जीवितहानी किती होणार, हे मात्र मुख्यतः विमानाची दिशा आणि गर्दीपासूनचे अंतर ठरवते. २८ ऑगस्ट १९८८ रोजी पश्चिम जर्मनीतील रामश्टाइन तळावर इटलीच्या ‘फ्रेच्चे त्रिकोलोरी’ पथकाची १० विमाने धुराने बाणविद्ध हृदय रेखाटत होती. बाण होऊन गर्दीच्याच रोखाने येणारे एकटे विमान छेदबिंदूवर इतरांना धडकले आणि पेटत्या इंधनासह प्रेक्षकांत कोसळले. ३ वैमानिक व ६७ प्रेक्षक मिळून ७० जण दगावले.

अंतर वाढवले की थरार ओसरतो, असा आक्षेप घेतला जातो. तो टिकत नाही. गर्दीला समांतर उडतानाही रचना स्पष्ट दिसते आणि धडक झालीच, तर अवशेष मुख्यतः उड्डाणाच्या दिशेने फेकले जातात. रामश्टाइननंतर हा धडा सर्वांनी गिरवला, असेही म्हणवत नाही: २७ जुलै २००२ रोजी युक्रेनमधील ल्विवजवळ सुखोई-२७ गर्दीत घुसून ७७ जण मृत्युमुखी पडले. वैमानिकांचा धोका मात्र अंतराने घटत नाही, हे मान्यच करायला हवे. कमी उंचीवर सावरायला काही क्षणच मिळतात. १९ फेब्रुवारी २०१९ रोजी बंगळुरूच्या येलहंका तळावर सरावात ‘सूर्यकिरण’ पथकाची दोन हॉक विमाने धडकली, त्यात एका वैमानिकाचा मृत्यू झाला.