शेख, नासिर

नाशिक जिल्ह्यातील मालेगावचे स्वतंत्र चित्रपटकार. दिग्दर्शन, छायालेखन आणि संकलन ही तिन्ही अंगे स्वतः सांभाळणारे. मालेगाव हे भिवंडीप्रमाणेच यंत्रमागाचे गाव. उत्तर हिंदुस्थानातून पिढ्यांपूर्वी येऊन स्थायिक झालेल्या मोमीन विणकरांची मोठी वस्ती दोन्हीकडे आहे, आणि मागावर पाळी करून आलेल्या कामगाराला सिनेमाची ओढ किती असते, हे भिवंडीकराला निराळे सांगावयास नको. शुक्रवार हा मालेगावचा सुटीचा आणि सिनेमाचा दिवस. अशा प्रेक्षकांसाठी व्हिडिओ पार्लर चालविता चालविता, तसेच लग्नसमारंभांचे चित्रण करीत शेख यांनी ही विद्या हस्तगत केली. कोणत्याही संस्थेत त्यांनी तिचे रीतसर शिक्षण घेतलेले नाही.

‘मालेगाव के शोले’ या सुमारे 2000 सालच्या विडंबनपटाने त्यांचे नाव झाले. घोड्यांचा खर्च परवडणारा नव्हता, म्हणून दरोडेखोर सायकलींवर स्वार झाले. नटवर्ग गावातलाच, त्यात मागावरचे कामगारही होते. पुढे ‘मालेगाव का सुपरमॅन’च्या वेळी कॅमेरा उंच न्यावयाचा झाल्यास बैलगाडीच्या दांड्यावर छायालेखकास बसवून ती मागून खाली दाबावी, सरकते दृश्य हवे असल्यास सायकल ढकलावी, आणि नायकाच्या उड्डाणासाठी मागे हिरवे कापड ताणावे, असा सारा कारभार होता. साधनांच्या अभावातून निघालेली ही युक्ती म्हणजे चित्रभाषेचे खरेखुरे ज्ञान होय. कारण यंत्र हाताशी नसताना त्याचे कार्य नेमके कोणते, हे ज्याला उमगले आहे, त्यालाच त्याचा पर्याय सुचतो.

‘सुपरमॅन’च्या निर्मितीवर फैझा अहमद खान यांनी 2008 मध्ये केलेल्या अनुबोधपटामुळे शेख यांची कीर्ती देशाबाहेर गेली. नायकाची भूमिका करणारे कृश प्रकृतीचे शफीक शेख हे यंत्रमाग कामगार. 2011 मध्ये कर्करोगाने त्यांचे निधन झाले. रीमा कागती यांचा ‘सुपरबॉइज ऑफ मालेगाव’ हा याच मंडळींवर आधारलेला हिंदी चित्रपट 2025 मध्ये प्रदर्शित झाला असून त्यात आदर्श गौरव यांनी नासिर यांची भूमिका केली आहे. मालेगावचे चित्रपटलेखक फरोग जाफरी यांच्यावर बेतलेल्या पात्रालाही त्यात मोठे स्थान दिले आहे, आणि ते यथार्थ आहे. मुंबईचे कथानक मालेगावच्या बोलीत आणून बसविणारा लेखक नसता, तर केवळ सायकली आणि बैलगाड्या यांवर हे चित्रपट उभे राहिले नसते.