बटाटा, बोनापार्ट आणि बाकी शिल्लक

आमच्या वाचक मंडळाचा एक घातक नियम आहे. ज्याच्या घरी बैठक, त्याने पुस्तकाला साजेसं खायला घालायचं. हा नियम मीच सुचवला होता. अर्थात तेव्हा बैठक दुसऱ्याच्या घरी होती. माझी पाळी आली आणि पुस्तक निघालं टॉलस्टॉयचं 'युद्ध आणि शांती'!

"रशियन लोक खातात तरी काय?" हिने विचारलं.

"कादंबरीत पाहून सांगतो."

"तुमची बाराशे पानं होईस्तोवर पाहुणे उपाशी परत जातील."

मी बी.कॉम. माणूस. लोक या कादंबरीत नताशा शोधतात, मला पहिल्यांदा दिसला तिचा बाप, काउंट रोस्तोव. 1806 च्या मार्चमध्ये मॉस्कोच्या इंग्लिश क्लबात सेनापती बाग्रातिओनला मेजवानी, आणि व्यवस्था या काउंटकडे. बाहेर बर्फ, आणि ह्यांना ताटात काकड्या आणि स्ट्रॉबेऱ्या हव्यात! त्यात चिरंजीव निकोलाय एका रात्रीत पत्त्यांवर त्रेचाळीस हजार रूबल हरतात. बापाने ते मुकाट्याने भरले. आमच्या शाखेत असतं तर या खात्यावर मी लाल पेन्सिलीने केव्हाच खूण केली असती.

तरी अशा सरदारांना कर्ज मिळत होतं. दुसऱ्या कॅथरिनने 1786 साली त्यासाठी सरकारी कर्जबँकच काढली होती. तारण काय, तर जमीन आणि जमिनीवरची माणसं. भूदास मोजायचे ते 'जीव' म्हणून, त्यातही फक्त पुरुष. 1861 साली भूदासपद्धत गेली, त्याच्या आधी दोन तृतीयांशांच्या आसपास भूदास असे गहाण पडलेले होते. तारणाच्या रकान्यात सोनं, घर, ट्रॅक्टर मी रोज लिहितो. 'जीव, नग अमुक' असं लिहिणारा तो तिकडचा कारकून संध्याकाळी घरी जाऊन नीट जेवत असेल का, हा विचार काही डोक्यातून जाईना.

असो. बेत ठरला. बोर्श्त, ब्लिनी, चहा आणि भाजलेले बटाटे. बोर्श्त पाहून ही म्हणाली, "हे तर बीटाचं सार." ब्लिनी पाहून म्हणाली, "घावन." बोर्श्त मुळात युक्रेनचा, 2022 साली युनेस्कोनेही युक्रेनी बोर्श्तची परंपरा आपल्या यादीत घेतली, हे मी सांगायला गेलो, तर "मग रशियाच्या ताटात कशाला वाढताय?" असा सवाल आला. उत्तर नव्हतं. मी मुकाट्याने कोबी चिरला.

चहाने मात्र घराची अब्रू राखली. बशीत ओतून, फुंकर मारून चहा पिण्याची पद्धत जुन्या रशियातही होती, हे कळल्यावर शेजारचे अण्णा इतके खूष झाले की त्यांनी पुस्तक न वाचल्याचंही कबूल करून टाकलं.

खरा रंग भरला तो निवृत्त हेडकॅशिअर नानांमुळे. नेपोलियनने 1812 साली रशियात फौजेबरोबर खोट्या रशियन नोटाही नेल्या होत्या, हे मी सांगितलं. नाना ताठ बसले. "ओळखल्या कशा?" म्हटलं, खऱ्या नोटेवर सही हाताने शाईत केलेली, खोटीवर छापलेली. शिवाय काही नोटांत स्पेलिंगच्या चुका! नाना म्हणाले, "प्रूफ तपासायला एक माणूस ठेवायला काय झालं होतं? लाखांनी फौज नेतो, आणि..."

फौजेचा ताळेबंद मी आणलाच होता. मिनार नावाच्या फ्रेंच इंजिनिअरने 1869 साली, म्हणजे कादंबरी पुरी झाली त्याच साली, या मोहिमेचा नकाशा काढला. नेमान नदी ओलांडली 4,22,000 जणांनी, परत आले 10,000. फौजेची रेघ जाताना जाड आणि येताना दोऱ्याएवढी. थंडीने मेले असं आपण म्हणतो, पण थंडी पडायच्या आतच भूक, उन्हाळा आणि टायफस यांनी निम्मं काम उरकलं होतं. मागे फिरलेल्यांनी घोडे खाल्ले, मिठाऐवजी बंदुकीची दारू भुरभुरून.

कोणी काही बोललं नाही. बोर्श्त निवत होता.

मग बटाट्यांचं पान मी वाचून दाखवलं. फ्रेंचांच्या कैदेतला पिएर दिवसभराचा उपाशी, आणि प्लातोन नावाचा साधा शिपाई भाजलेला बटाटा कापून, मीठ भुरभुरून त्याच्या हातावर ठेवतो. पिएरला वाटतं, याहून चवदार काही आपण खाल्लंच नाही. (पुढे 1840 च्या दशकात याच बटाट्याची सक्ती झाली, तेव्हा शेतकऱ्यांनी 'सैतानाचं सफरचंद' म्हणत बंड केलं आणि सरकारने त्यांच्यावर सैन्य घातलं.)

नानांनी बटाटा उचलला, मीठ लावलं. "बहात्तर साली मी बारा वर्षांचा," ते म्हणाले. "आई दुष्काळी कामावर खडी फोडायची. तिथे सुकडी मिळायची, ती तिथंच खायची असते. ती पदरात बांधून आणायची. आम्हाला वाटायचं, तिला आवडत नाही."

सालासकट त्यांनी तो बटाटा संपवला. हिने न विचारता दुसरा वाढला.

बैठक संपली तेव्हा बोर्श्त अर्धं पातेलं शिल्लक होता, बटाटा एकही नव्हता. दुसऱ्या दिवशी डबा उघडला, तर आत बीटाचं सार. वर फोडणी घातली होती.