टोरेंट म्हणजे काय? फाइल उघडण्याआधी कशी तपासायची?

२०१६ मध्ये जिओ येण्याआधी पालीसारख्या गावातली पोरं बीडला मोबाइल शॉपीत जाऊन मेमरी कार्ड भरून आणायची आणि मग ब्लूटूथने गाणी गावभर फिरायची. इंटरनेटवर हीच देवाणघेवाण १९९९ मध्ये नॅपस्टरने वाढवली. २००१ मध्ये ब्रॅम कोहेनने बिटटोरेंट आणलं.

टोरेंट कसं चालतं?

मोठ्या फाइलचे छोटे तुकडे केले जातात. ‘.टोरेंट’ फाइलमध्ये पिक्चर किंवा गेम नसतो. त्यात फक्त फाइलची नावं, साइज आणि तुकड्यांचे हॅश, म्हणजे डिजिटल ठसे असतात. तुकडे तुम्हाला इतरांच्या डिव्हाइसवरून मिळतात आणि त्याच वेळी तुमच्याकडून इतरांना जातात. म्हणून डेटा दोन्ही बाजूंनी खर्च होतो आणि तुमचा आयपी ॲड्रेसही इतरांना दिसतो.

हॅश जुळला म्हणजे फाइल सुरक्षित?

नाही. हॅश जुळणं म्हणजे पार्सलचं सील न तुटणं. आत काय भरलंय ते पाठवणाऱ्यावर अवलंबून. व्हायरस टाकलेली फाइलसुद्धा हॅशमध्ये पास होते.

अशी तपासा

१. सोर्स बघा. उबुंटू, लिबरऑफिस, इंटरनेट आर्काइव्ह यांच्या अधिकृत साइटवर कायदेशीर टोरेंट मिळतात.

२. फाइलची यादी बघा. पिक्चरच्या टोरेंटमध्ये ‘.एपीके’ किंवा ‘.ईएक्सई’ दिसली, किंवा ‘movie’सारख्या नावापुढे ‘.एमपी४.एपीके’ असं दुहेरी शेपूट दिसलं, तर लगेच डिलीट करा.

३. चेकसम जुळवा. अधिकृत साइटवरचा एसएचए-२५६ आकडा आणि तुमच्या फाइलचा आकडा तंतोतंत सारखा हवा.

४. व्हायरसटोटलवर स्कॅन करा. तिथे ६५० एमबीपर्यंतची फाइल चालते. खासगी कागदपत्रं मात्र टाकू नका. रिपोर्ट क्लीन आला तरी ती शंभर टक्के गॅरंटी नाही.

५. ‘अननोन ॲप्स’ची परवानगी बंद ठेवा, प्ले प्रोटेक्ट चालू ठेवा.

कायदा काय सांगतो?

टोरेंट वापरणं गुन्हा नाही. पण नवा पिक्चर टोरेंटने उतरवताना तुम्ही तो वाटतही असता. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ६३ नुसार ३ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

चुकून एपीके इन्स्टॉल झाली तर?

आधी नेट बंद करा, मग ते ॲप काढून टाका. ज्या फोनवर यूपीआय आहे तिथे एसएमएस वाचणारं ॲप ओटीपीसुद्धा पळवू शकतं. दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा, पासवर्ड बदला. पैसे गेले असतील तर वेळ न घालवता १९३० वर फोन करा.