बख्शीचा तलाव आणि आलमगिराची छावणी

लखनौहून उत्तरेस सीतापूरकडे जाणाऱ्या मार्गावर बख्शी का तालाब हे गाव लागते. तेथील वायुदलाच्या तळामुळे हे नाव आज अनेकांच्या कानांवरून गेलेले असते. परंतु नावातील ‘बख्शी’ कोण, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. हे नाव नबाबी आमदानीतील एका अधिकाऱ्याच्या हुद्द्याची खूण आहे. फौजेची हजिरी घेणारा, घोडे तपासणारा आणि पगाराची सोय लावणारा अधिकारी तो बख्शी. हा हुद्दा नबाबांनी निर्माण केला नव्हता; मोगल राज्यव्यवस्थेचा जो वारसा अयोध्येच्या सुभ्याला मिळाला, त्यातलाच तो एक. मराठ्यांनीही तो स्वीकारला. महादजी शिंद्यांच्या फौजेतील जिवबादादा केरकर इतिहासात जिवबादादा बक्षी म्हणूनच ओळखले जातात, आणि महाराष्ट्रात बक्षी हे आडनाव आजही आढळते. साम्राज्ये लयास जातात, पण त्यांची कचेरी भाषेत शिल्लक राहते ती अशी.

औरंगजेबाचे चरित्र या कचेरीच्या दाराने पाहण्याचा प्रयत्न मराठीत फारसा झालेला नाही. मराठी वाङ्मयात तो उभा राहिला तो पातशहा म्हणून कमी आणि प्रतिनायक म्हणून अधिक. बखरींनी त्याला कपटाचे रूप दिले, नाटक-कादंबऱ्यांनी जपमाळ ओढणारा थंड डोळ्यांचा वृद्ध रंगविला. उलट बाजूस काही लेखकांनी त्याची साधी राहणी आणि धर्मनिष्ठा पुढे करून त्याच्या कृत्यांवर पांघरूण घातले. दोन्ही चित्रांत माणसाचा स्वभाव आहे, परंतु राज्य नाही. आणि ज्याने सुमारे अर्धशतक राज्य केले त्याचा न्याय केवळ स्वभावावरून करता येत नाही.

औरंगजेबाचा जन्म 1618 मध्ये दाहोद येथे झाला. दख्खनशी त्याचा संबंध तारुण्यापासूनचा. 1636 मध्ये तो प्रथम येथील सुभेदार झाला; 1650 नंतरच्या दुसऱ्या सुभेदारीत मलिक अंबराच्या खडकीला त्याचे नाव मिळाले. याच काळात मुर्शिद कुलीखानाने दख्खनच्या जमीनमहसुलाची नवी व्यवस्था लावली, कारण हा सुभा स्वतःचा खर्च भागवू शकत नव्हता. दख्खन जिंकणे सोपे, पोसणे कठीण, हा धडा शहाजादा असतानाच औरंगजेबापुढे आला होता. 1658 मध्ये धर्मातपूर व सामूगढ येथील विजयांनंतर त्याने पित्यास आग्र्याच्या किल्ल्यात अडकवून ठेवले आणि तख्त मिळविले. पुढील वर्षी दारा शुकोहचा वध झाला. शाहजहान 1666 च्या जानेवारीत बंदिवासातच वारला, आणि त्याच वर्षाच्या मे महिन्यात शिवाजी महाराज आग्र्याच्या दरबारात उभे राहिले.

त्या दरबारातील प्रसंग मराठी माणसास पाठ आहे. परंतु त्याचा एक अर्थ मनसबदारीच्या परिभाषेतच कळतो. मोगल व्यवस्थेत प्रत्येक सरदाराचे स्थान अंकांत मोजले जाई. ‘जात’ या अंकावरून त्याचा दर्जा ठरे, ‘सवार’ या अंकावरून त्याने बाळगावयाचे घोडदळ. घोड्यांना डाग देणे आणि स्वारांचे चेहरे नोंदविणे हे बख्शीच्या खात्याचे काम. या अंकपटावर राजपूत, तुराणी, इराणी, अफगाण सर्वांना जागा होती. महाराजांनी तो अंक नाकारला. स्वतंत्र सिंहासनाची कल्पना मनसबीच्या कोष्टकात बसत नव्हती, आणि 1674 चा राज्याभिषेक हे त्या नकाराचे जाहीर रूप होते.

औरंगजेबाच्या धर्मनीतीबद्दल गुळमुळीत लिहिण्याचे कारण नाही. 1669 मध्ये काशीविश्वेश्वराचे आणि त्यानंतर थोड्याच काळात मथुरेच्या केशवरायाचे देऊळ पाडले गेले. 1679 मध्ये जिझिया पुन्हा लादला गेला. तथापि याच राजवटीसंबंधी दुसरी एक वस्तुस्थिती अभ्यासकांपुढे आहे. अतहर अली यांनी 1966 मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात मनसबदारांची गणना दिली आहे. तीनुसार 1658 ते 1678 या काळात एक हजारी व त्यावरील 486 मनसबदारांपैकी 105 हिंदू होते. 1679 ते 1707 या काळात 575 पैकी 182. मराठ्यांची संख्या 27 वरून 96 वर गेली. म्हणजे जिझिया बसविणाऱ्या बादशहाच्याच उत्तरायुष्यात हिंदू सरदारांचे प्रमाण वाढले. हे औदार्य नव्हे, आणि दांभिकपणा एवढाच शब्दही त्याला पुरा पडत नाही. युद्धाने जे जिंकता येत नव्हते ते मनसबी देऊन विकत घेण्याचा तो प्रयत्न होता. वाढलेल्या संख्येत मराठ्यांचा वाटा मोठा आहे तो याचमुळे.

या प्रयत्नाची किंमत बख्शीच्या दप्तरात दिसू लागली. 1681 मध्ये बंडखोर शहाजादा अकबर संभाजी महाराजांच्या आश्रयास आला आणि औरंगजेब दक्षिणेकडे निघाला. तो उत्तरेस परत गेला नाही. 1686 मध्ये विजापूर आणि 1687 मध्ये गोवळकोंडा पडले. 1689 मध्ये संभाजी महाराज पकडले गेले, त्यांचा क्रूर वध झाला, रायगडही पडला आणि बालवयातील शाहू छावणीत कैदी झाले. नकाशावर साम्राज्य याहून मोठे कधी झाले नव्हते. परंतु दोन सल्तनतींच्या सरदारांना आणि फुटून आलेल्या मराठ्यांना मनसबी दिल्यावर त्यांना पुरतील अशा जहागिरी उरल्या नाहीत. कागदावरील अंक वाढला, त्यामागची जमीन वाढली नाही. जी जहागीर मिळे तीत मराठ्यांचे कमाविसदार चौथाई गोळा करीत असत. मग सरदार ठरलेले घोडदळ बाळगीनासा झाला, आणि बख्शीची हजिरी हा उपचार ठरू लागला.

बऱ्हाणपूरचा कायस्थ भीमसेन सक्सेना दलपतराव बुंदेल्याच्या पदरी राहून हे सारे पाहत होता. त्याच्या फार्सी वृत्तांतात तंबूंतच वाढून तंबूंतच म्हातारी झालेली पिढी दिसते, महागाई दिसते, मोडलेले रयतजीवन दिसते. दरबारी तवारिखांतून न दिसणारा हा भाग मराठी वाचकांस परिचित झाला, त्याचे बरेचसे श्रेय सेतुमाधवराव पगडी यांनी फार्सी साधने मराठीत आणली, या कार्यास आहे. मराठी कागद आणि फार्सी कागद शेजारी ठेवल्याखेरीज या युद्धाचा अर्थ लागत नाही. सभासदाची बखर राजाराम महाराजांच्या सांगण्यावरून जिंजीस लिहिली गेली, ती याच संग्रामाच्या ऐन धामधुमीत. आज्ञापत्रात दुर्ग हे राज्याचे सार ठरले ते याच अनुभवानंतर. ही केवळ ग्रंथांची नावे नव्हेत. वेढा सोसणाऱ्या राज्याने स्वतःविषयी केलेला तो विचार आहे.

1699 नंतर म्हातारा बादशहा जातीने किल्ले घेऊ लागला. 1700 मध्ये सातारा मिळाला, त्याचे ‘आजमतारा’ झाले. 1703 मध्ये सिंहगड मिळाला, त्याचे नाव ‘बख्शिंदाबख्श’ ठेवले गेले. देणगी सूचित करणारे हे नाव मोठे सूचक आहे, कारण अनेक किल्ले तलवारीइतकेच द्रव्य देऊन हाती येत होते. पैसे घेऊन सोडलेला किल्ला मराठे पुढे परत घेत. ताराबाईंनी चालविलेल्या या युद्धात एका बाजूस बंगालच्या महसुलावर तगलेली अवजड छावणी होती, दुसऱ्या बाजूस पगाराची वाट न पाहता मुलखावर निर्वाह करणारी हलकी फौज. या फौजेचा भार अखेर रयतेनेच वाहिला, हेही विसरता कामा नये. 1707 मध्ये अहमदनगरनजीक, म्हणजे आजच्या अहिल्यानगराजवळ, औरंगजेब मरण पावला आणि खुलदाबादेस शेख जैनुद्दीनच्या दर्ग्यात साध्या कबरीत त्याला पुरण्यात आले. त्यानंतर काही महिन्यांतच शाहू सुटून महाराष्ट्रात परतले.

या सर्व काळात उत्तरेस काय चालले होते? 1690 नंतरच्या दशकात, लखनौजवळच्या सिहाली गावी मुल्ला कुतुबुद्दीन यांचा खून झाल्यावर, बादशहाने त्यांच्या मुलांस लखनौतील फिरंगी महल ही वास्तू दिली. त्यांतील मुल्ला निजामुद्दीन यांचा ‘दर्से निजामी’ अभ्यासक्रम पुढे हिंदुस्थानभर मदरशांतून रूढ झाला. दख्खनच्या छावणीत राजवट खचत असता तिने लखनौस टाकलेले एक बीज असे रुजले. मुजफ्फर आलम यांनी 1986 मध्ये दाखवून दिल्याप्रमाणे अवधचा प्रांत अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात उजाड झालेला नव्हता. तेथील स्थानिक सत्ता समृद्धीच्या बळावर वर येत होत्या. 1722 मध्ये सादतखान तेथे सुभेदार झाला, 1819 मध्ये गाजीउद्दीन हैदराने स्वतःला बादशहा म्हणविले, आणि 1856 मध्ये इंग्रजांनी ते राज्य खालसा केले.

बख्शी का तालाब हे नाव या उत्तरकथेतले. ज्या हुद्द्याला आलमगिराच्या छावणीत देण्यास जमीन उरली नव्हती, तोच प्रांतिक राज्यात तलावाच्या रूपाने लोकांच्या स्मरणात राहिला. औरंगजेबाचा पराभव त्याच्या दुष्टपणामुळे झाला असे म्हणण्यात सांत्वन आहे, आणि तो न्यायी असूनही दुर्दैवी ठरला असे म्हणण्यातही. परंतु सांत्वन हा इतिहास नव्हे. ज्या राज्याला आपल्या प्रजेचा धर्म परका वाटतो आणि ज्याचे अंक त्याच्या जमिनीहून मोठे होतात, त्याला विजयही तारू शकत नाहीत. खुलदाबादच्या कबरीपाशी उभे राहणाऱ्याने द्वेषाऐवजी वा भक्तीऐवजी हा हिशेब आठवावा. मराठी स्वातंत्र्यासाठी झगडलेल्या पिढीचे मोलही त्यानेच नीट कळते. कारण तिची झुंज एका क्रूर म्हाताऱ्याशी नव्हती, त्या काळच्या हिंदुस्थानातील सर्वांत बलाढ्य राज्ययंत्राशी होती.